संशयाची सही

वरच्या कोर्टाने भानुदास खरातला खुनाच्या आरोपातून संशयाचा फायदा देऊन सोडले. फायदा मागाहून टपालाने यायचा होता. संशय मात्र त्याच दिवशी, त्याच एसटीत, शेजारच्या सीटवर बसून घरी आला.

संशय पन्नाशीचा होता. इस्त्रीचा शर्ट, हातात कापडी पिशवी. पाच वर्षे कुलूप असलेल्या त्या घरात त्याने भिंतीवरच्या फोटोखाली आपली सतरंजी अंथरली.

"या कोण?"

"बायको. इंदू. मी आत असताना, नवव्या वर्षी गेली. मातीला जायची रजा मंजूर झाली, पण तेराव्यानंतर."

संशयाने ते वहीत लिहून घेतले.

भानुदास पूर्वी शाळेत शिपाई होता. घंटा पुन्हा आपल्या हाती यावी, एवढेच त्याचे मागणे. हेडमास्तर नाही म्हणाले नाहीत. "या की, भानुदासराव. पण यांना कुठे बसवू? पालक विचारतील." शेजारच्या गोदाकाकूही रोज कुंपणावरून विचारत, "पाहुणे मुक्कामीच का रे?"

दिवसभर काम नसल्यामुळे संशय खटल्याची फाईल वाचायला बसला. सहाशे बारा पाने. पहिल्यापासून सलग वाचणारा तो पहिलाच. तिसऱ्या आठवड्यात तो एका पानावर अडला.

"खून गळा दाबून झाला ना?"

"हो."

"आणि त्या दिवशी तुमचे हात..."

"प्लॅस्टरमध्ये. घंटेची दोरी बदलताना शिडीवरून पडलो होतो."

"दोन्ही?"

"दोन्ही. इंदू भरवायची मला."

"मग कोर्टात सांगितलं नाहीत?"

"सांगायला उठलो. म्हणाले, विचारू तेवढंच बोला."

संशयाने वही मिटली. रात्रीचे ताट त्याने तसेच ठेवले. "भानुदासभाऊ," तो म्हणाला, "माझी खात्री पटली."

दुसऱ्या दिवशी दोघे संशय निवारण कक्षात गेले. खिडकीतल्या बाईंनी अर्ज उलटसुलट पाहिला.

"संशय हटवायला संशयाचीच सही लागते. ही कोणाची?"

"माझी," संशय म्हणाला.

"तुमची खात्री पटलीय, असं वर लिहिलंय."

"पटलीय."

"मग तुम्ही संशय कसे? ही सही चालणार नाही."

"म्हणजे ज्याची खात्री पटली नाही, त्याने सही करायची?" भानुदासने विचारले.

"हो."

"तो कशाला करील?"

"नाहीच करणार. आजवर कुणी केलेली नाही."

भानुदासने फळीवर हात आपटला. "चौदा वर्षं, बाई! माणूस गेलं माझं! चूक तुमची, आणि सह्या मी गोळा करू?"

"रागाची नोंद शेजारच्या खिडकीत होते," बाई म्हणाल्या. "यांची नेमणूक रद्द. सोमवारी नवीन संशय येईल."

सोमवारी नवीन आला. तरणा, कडक, चपला न काढता आत शिरणारा. जुन्याला आता कुठेच जायचे नव्हते. त्याने भानुदासच्या बराकीतल्या, अजून आतच असलेल्या तिघांच्या फायली मागवल्या होत्या आणि तो ओसरीवर त्या वाचत बसला होता. त्याने मान वर केली.

"चपला बाहेर. आणि भानुदासभाऊंची ही फाईल घ्या. मधूनच उघडू नका, पहिल्या पानापासून वाचा."

नवीन संशय नाक मुरडत वाचायला बसला.

सोळाव्या दिवशी भानुदास चुलीपाशी असताना ओसरीवरून नवीन आवाज आला.

"दोन्ही?"

भानुदासने भाताच्या आधणात आणखी एक मूठ तांदूळ टाकले.