सटवाच्या विहिरीत टँकर

खुनाचा तपास कसा करायचा, हे या जिल्ह्यात मला एकट्यालाच कळतं! अकरा वर्षं मी बीडमध्ये खासगी गुप्तहेर होतो. म्हणजे नवरदेव दारू पितो का, एवढंच शोधायचो, पण शोधायचो! आता खऱ्या गुन्ह्यांवर माहितीपट काढतो.

पहिलाच विषय सटवाचा. नऊ वर्षांपूर्वी तो आपल्या गावच्या विहिरीत बुडून मेला. पाय घसरला, असं पोलिसांनी लिहिलं. त्याची बायको कडूबाई मात्र म्हणते, दूध सोसायटीच्या चेअरमननं, सुंदररावनं ढकललं. आदल्याच दिवशी सटवा भर सभेत त्याच्याशी भांडला होता.

"एकदा कुनीतरी खरं बोलताना दाखवा," ती म्हणाली. "मंग मी मरायला मोकळी."

"मावशी, केस सुटली समजा!"

योजना चोख होती. पोत्यात कडबा भरून सटवा करायचा. एकदा घसरवायचा, एकदा ढकलायचा. प्रेत सापडलं त्या जागी कुठला सटवा पडतो, ते कॅमेऱ्यात दिसणार! अडचण एकच, दुष्काळ. विहीर ठणठणीत कोरडी! कोरड्या विहिरीत कोण बुडणार? मी मांजरसुंब्याहून टँकर मागवला आणि विहिरीत सोडायला लावला.

आता, टँकर विहिरीत सोडला की काय होतं, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. मी बीडचा असून विसरलो!

"टँकर आला रं!" कुणीतरी ओरडलं आणि अख्खं गाव दोर-बादल्या घेऊन धावलं. माझा सटवा ना घसरला, ना कुणी ढकलला. तुडवला गेला!

"अहो, शूटिंग चालू आहे!"

"आसू द्या की," कडूबाईची शेजारीण बायडाबाई म्हणाली. "आमी कुटं न्हाई म्हनतोय? सरका!"

कडूबाईला कुणी कठड्याशी येऊ देईना. मला लाज वाटली. कॅमेरा बंद करून पिशवीत घातला, तिची बादली घेतली आणि शेंदू लागलो. तेवढ्यात चार माणसांना बाजूला सारत सुंदरराव आला.

"सरक गं," तो कडूबाईला म्हणाला.

"न्हाई सरकत."

"तुझा नवराबी हितंच उभा व्हता. आसंच म्हनला. मंग दिला ढकलून!"

सगळे दोर थांबले. सुंदररावनं एकेकाकडं बघितलं. दोर पुन्हा चालू झाले.

"ऐकलं ना?" कडूबाई किंचाळली. "बायडे, तू ऐकलंस ना?"

"पान्याच्या गडबडीत कुनाला ऐकू येतंय, माय," बायडाबाई बादलीकडं बघत म्हणाली.

कडूबाई माझ्याकडं वळली. "तुमी तर शेजारीच व्हता. तुमी सांगा."

सुंदररावही माझ्याकडंच बघत होता. कठडा जेमतेम गुडघ्याएवढा आणि माझी पाठ विहिरीकडं!

मी बादली खाली ठेवली.

"मावशी," मी म्हणालो, "गोंगाट लई होता हो!"