दहा मिनिटं पुढचं घड्याळ

नगरपालिकेच्या कचेरीतलं घड्याळ तिथली कारकून ड्युल्सी कीपिंग हिने स्वतःच्या हाताने बरोबर लावलं, आणि तिथूनच सगळं बिघडलं.

ते घड्याळ अठरा वर्षं दहा मिनिटं पुढे होतं. नगराध्यक्ष अँब्रोज टक सभेला कधीच वेळेवर येत नसत, म्हणून तिनेच ते पुढे केलं होतं. पण न्यूफाउंडलंडच्या किनाऱ्यावरच्या एवढ्याशा गावात गुपित टिकतंय कशाला? आठवड्याभरात नगराध्यक्षांसकट सगळे मनातल्या मनात दहा मिनिटं वजा करू लागले.

यंदा मे महिन्यात पुलाचं टेंडर निघालं. जुन्या पुलाचा खांब बर्फाने खाल्ला होता. शाळेची बस खाडीला वळसा घालून दीड तास धावत होती, आणि पलीकडच्या काठावर ड्युल्सीची म्हातारी आई एकटी अडकली होती. ऑक्टोबर संपायच्या आत पूल झाला नाही, तर काम पुढच्या वर्षावर जाणार होतं. टेंडरच्या कागदात ड्युल्सीने लिहिलं, 'लिफाफे कचेरीच्या घड्याळाप्रमाणे दुपारी दोनपर्यंत स्वीकारले जातील.' लिहिलं खरं, पण मग तिला लाज वाटली. सरकारी काम आणि खोटं घड्याळ? शेवटच्या दिवशी सकाळी ती स्टुलावर चढली आणि काटे दहा मिनिटं मागे घेतले. खऱ्याची दवंडी कशाला पिटायची, म्हणून कुणाला सांगितलं नाही.

बाहेरगावच्या कंपनीचा माणूस दीडलाच लिफाफा देऊन गेला. गावचा कंत्राटदार हेडली पार्डी समोरच्या चहाच्या दुकानात बसला होता. फोन ट्रकमध्येच होता, पण खिडकीतून कचेरीचं घड्याळ दिसत असताना फोन हवा कशाला? घड्याळात दोन वाजले होते, म्हणजे दोनला दहा कमी. त्याने निवांतपणे आणखी एक माशाचा वडा मागवला आणि तो संपवून रस्ता ओलांडला.

"घे गं," लिफाफा पुढे करत तो म्हणाला. "पाच मिनिटं आधी आलोय. बघ, सुधारलो की नाही."

"हेडली, दोन वाजून पाच झालेत."

"तेच म्हणतोय मी. दोनला पाच कमी."

"घड्याळ मी सकाळी बरोबर केलंय."

हेडलीने मान वळवून घड्याळाकडे पाहिलं. "बरोबर केलंस? आणि ते कुणाला विचारून?"

दोघं शाळेत एका बाकावर बसलेले, पण नियम तो नियम. तिने लिफाफा न उघडता त्यावर 'उशिरा' असा शिक्का मारला, आणि काम बाहेरच्या कंपनीला गेलं. हेडली थेट कोर्टात गेला. अठरा वर्षं कचेरीचे दोन म्हणजे काट्यांवर दोन वाजून दहा, आगाऊ सूचना न देता ते बदलणं हा अन्याय आहे, तेव्हा नगरपालिकेचा निर्णय कोर्टाने तपासावा, असं त्याचं म्हणणं. निकाल लागेपर्यंत कुदळ मारायची नाही, असा हुकूम आला. नगराध्यक्षांनाही मनातून हेडलीचंच पटत होतं, कारण लिफाफे उघडायला ते स्वतः दोन वाजून दहा मिनिटांनी पोचले होते. जून असाच गेला. आई रोज फोन करून विचारायची, "काय गं, तुझं घड्याळ काय म्हणतंय?" ड्युल्सीला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

जुलैत सुनावणी झाली. न्यायमूर्ती नूजेंटबाईंनी ड्युल्सीला विचारलं, "घड्याळ दुरुस्त केल्याचं तुम्ही जाहीर का केलं नाही?"

"बाईसाहेब, मग अठरा वर्षं ते चुकीचं होतं, हेही जाहीर करावं लागलं असतं."

बाईंनी घाईघाईने कागदात तोंड लपवलं. एवढ्यात दोन्ही वकिलांनी आणखी दोन महिन्यांची मुदत मागितली, आणि ड्युल्सीने बोटांवर महिने मोजले. आता कसला पूल होतोय! पण बाई म्हणाल्या, दोन महिने भांडण्याआधी भांडण्यासारखं काही आहे का, ते तरी बघू. त्यांनी हेडलीचा लिफाफा सर्वांसमक्ष उघडायला लावला.

आकडे चोख होते, नकाशे सुबक होते. शेवटच्या पानावर सहीची जागा मात्र कोरी होती. शेजारी तेलाचा मोठा डाग होता.

"मिस्टर पार्डी, सही कुठे आहे?"

हेडलीचे कान लाल झाले. "चहा पिता पिता करणार होतो. मग वडा आला."

बिनसहीचं टेंडर वेळेत आलं काय आणि उशिरा आलं काय, ते बादच. खटला तिथल्या तिथे निकालात निघाला. यापुढे घड्याळ बरोबर ठेवा आणि तशी पाटी लावा, एवढं बाईंनी बजावलं.

बाहेरच्या कंपनीकडे सगळं होतं, फक्त काँक्रीटचा ट्रक नव्हता. खाडीच्या या बाजूला तो एकट्या हेडलीकडे. त्यामुळे खांब शेवटी त्यानेच भरले, आणि भरले तेही असे की कंपनीचा इंजिनियर बघत राहिला. ऑक्टोबरच्या दुसऱ्या आठवड्यात आई कठड्याच्या गारठ्याला नावं ठेवत स्वतःच्या पायांनी पूल ओलांडून आली. ड्युल्सीला रडूच फुटलं.

हिवाळ्यात शाळेच्या छपराचं टेंडर निघालं. दोन्ही मनगटांवर घड्याळं बांधून हेडली धापा टाकत कचेरीत शिरला. लिफाफा ठेवून म्हणाला, "तीन ठिकाणी सही केलीय. आणि चांगला तासभर आधी आलोय. भिंतीवरचं बरोबर आहे ना?"

"घड्याळ अगदी बरोबर आहे," ड्युल्सी किटली ठेवत म्हणाली. "तारीख उद्याची आहे. बस, चहा घे."