दातारकाकांचा बल्गेरियन क्लब

दर शनिवारी दुपारी नेदरलँड्समधल्या उइटहॉर्न गावी आमच्या घरामागच्या बाकावर एक गृहस्थ कानाला फोन लावून बसतात आणि दीड तास कुणाला तरी रागावतात. "अरे, आता तरी पास दे. एकट्यानं काय वरात काढतोयस?" पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, मुलाशी भांडण चाललंय. मी सभ्यपणे खिडकी लावून घेतली आणि मग, खोटं कशाला बोलू, थोडी उघडली.

हे आमचे शेजारी, दातारकाका. फोनवर पलीकडे मुलगा नसतो, मितको असतो. बल्गेरियातल्या एका लहानशा गावात फुटबॉलचा क्लब आहे, त्याचं मैदान मितको सांभाळतो. गवत तोच कापतो, रेषा तोच आखतो, गोलची फाटलेली जाळीही तोच शिवतो. क्लब इतक्या खालच्या डिव्हिजनमध्ये आहे की त्याच्या मॅचेस कुठेच दाखवत नाहीत. म्हणून मितको मैदानाच्या कडेला उभा राहून काकांना फोनवर मॅच सांगतो. काकांचं बल्गेरियन फुटबॉल आणि भाजीबाजार एवढ्यापुरतंच आहे, पण तेवढ्यावर भागतं; रागवायला मराठी आहेच.

काकांनी स्वतः जन्मात फुटबॉलला पाय लावलेला नाही. पुण्यात असताना त्यांची फुटबॉलशी ओळख घराच्या फुटलेल्या काचेपुरती होती. मग कंपनीनं त्यांना प्रोजेक्टसाठी त्या गावात धाडलं. भाषा येत नाही, ओळखीचं कुत्रं नाही. पहिल्याच शनिवारी करमेना म्हणून काका-काकू मैदानावर जाऊन बसले. मितकोनं भाजलेल्या सूर्यफुलाच्या बियांचा पुडा पुढे केला आणि काका कायमचे त्या क्लबचे झाले.

पुढे बदली होऊन दोघं इकडे आले. इथेच काकू गेल्या, काका निवृत्त झाले, पण क्लब सुटला नाही. त्याचा इतिहास ते भेटेल त्याला सांगतात. डबाबंद मटारच्या कारखान्यातल्या कामगारांनी तो काढला. मग सरकारनं त्याला ट्रॅक्टरचं नाव दिलं. सरकार गेलं, ट्रॅक्टर गेला, तेव्हा एका सॉसेजवाल्यानं स्वतःचं नाव चिकटवलं. गणपतीत आरतीनंतर काकांनी मटारपासून सुरुवात केली की प्रसादाची रांग कशी झरझर पुढे सरकते.

"पण काका, जिंकलेत का हो कधी काही?" मी एकदा विचारलं.

"मुद्दा तो नाहीच मुळी," काका म्हणाले. "सॉसेजवाला पळून गेला, त्याच्या दुसऱ्या दिवशी अकराच्या अकरा जण मैदानात हजर होते. मुद्दा हा आहे."

यंदा मात्र अकराचीच पंचाईत झाली. गावातली तरणी पोरं पोटापाण्यासाठी देशोदेशी गेलेली. क्लबकडे सात खेळाडू उरले. हंगामाआधी अकरा नावं दिली नाहीत तर क्लब बंद, असं मितकोनं कळवलं आणि काकांनी कंबर कसली. आधी नजर गेली माझ्या नवऱ्यावर.

"निखिलला डावीकडून खेळवता येईल."

"काका, त्याचा व्हिसा इथला आहे. आणि जिना चढला तरी धापा टाकतो तो."

"मुद्दा तो नाहीच. पाय लांब आहेत त्याचे."

निखिल आठवडाभर काका दिसले की लंगडत चालायचा.

मग काकांना सुगावा लागला की मितकोच्या गावची काही पोरं इथेच, नीउ-व्हेनेप गावाजवळच्या काचघरांत फुलं बांधायचं काम करतात. काका भर वाऱ्यात सायकल हाणत तिथे पोचले. पोरांनी कॉफी पाजली, क्लबच्या आठवणी काढल्या, एकानं तर डोळेही पुसले. पण परत जायला कुणी तयार होईना. "तिथं जाऊन खायचं काय?" या प्रश्नावरही काका म्हणाले, "मुद्दा तो नाहीच." तरी ते पुन्हा गेले, आणि पुन्हा. दर वेळी पोरं त्यांच्या सायकलला जर्बेराचे गठ्ठे बांधून देत. आमच्या गल्लीत घरोघरी जर्बेराची फुलं झाली, खेळाडू काही मिळाला नाही.

क्लब बंद झाला.

त्यानंतरच्या शनिवारी दुपारी काका आमच्या स्वयंपाकघरात येऊन बसले. फोन समोर ठेवला. मी चहा टाकला.

"घरी बसवेना," ते म्हणाले. "अगं मुग्धा, ही गेल्यापासून मला आपणहून फोन करणारा तो एकटाच आहे. बाकीचे फॉरवर्ड पाठवतात. आता मॅचच नाही म्हटल्यावर तो तरी कशाला करेल?"

मटार आणि ट्रॅक्टर ऐकून मी इतके दिवस हसत आले होते, आणि हा माणूस शनिवारचा एक फोन वाचवायला सायकल मारत होता.

चहा उकळायच्या आत फोन वाजला. काकांनी तो दोन्ही हातांनी उचलला.

"मैदानावरच बसलाय," मला सांगू लागले. "एकटाच. म्हणतो, पाय आपोआप इकडे वळले."

फोनमधून तिकडचा वारा ऐकू येत होता. नंतर मितको काहीतरी बोलू लागला, आणि काका खुर्चीत पुढे सरकले. "आपली टीम उतरली," ते पुटपुटले. एकेक नाव कानावर पडलं तसं माझ्या लक्षात आलं. राजधानीच्या क्लबाविरुद्धची ही फार जुनी मॅच, काकांनी मला कितीदा तरी सांगितलेली. शेवटच्या मिनिटाला गोल खाल्ला होता यांनी.

"काका," मी हळूच म्हटलं, "ही तर आपण हरलो होतो ना?"

काकांनी फोनवर हात ठेवला.

"गप बस. अजून शून्य-शून्य आहे."