सगळ्यांकडे असलेला खेळ

"अहो, आज काय आणलंत?" बायकोने विचारलं.

"शेतीचा खेळ," कॉम्प्युटरवरची नजर न काढता त्याने सांगितलं. "निम्म्या जगाकडे आहे."

"मागच्या महिन्यात एक शेती आणली होतीत ना?"

"ती वेगळी. तिच्यात गाई नव्हत्या."

बायकोने कपाळावर हात मारला आणि ती आत गेली. त्याला 'साठेबाज' हे नाव तिनेच ठेवलेलं, आणि घरात आता तेच रूढ झालेलं. एरवी हा माणूस साधा, सरळ. दातांच्या लॅबमध्ये कामाला होता. डॉक्टर तोंडाची मापं पाठवत आणि हा त्यावरून कॅपा आणि कवळ्या घडवी. गावातले कितीतरी लोक त्याने घडवलेल्या दातांनी खात होते आणि त्याच दातांनी बोलणी खात होते. व्यसन एकच. कॉम्प्युटरच्या खेळांचं एक मोठं ऑनलाइन दुकान होतं. कुठला खेळ सर्वांत जास्त लोकांच्या संग्रही आहे, याची चर्चा तिथे सदैव चाले, आणि जो सगळ्यांकडे तो याच्याकडे हवाच. गर्दी बघून हॉटेलात शिरावं तसं त्याचं तत्त्व होतं. बहुतेक खेळ फुकट असत, बाकीचे सेलमध्ये पडत्या भावात मिळत. घ्यायचे आणि ठेवून द्यायचे.

खेळायचे मात्र नाहीत. एकदा एक उघडून पाहिला होता, तर पडदा असा गरागरा फिरला की त्याला आडवंच व्हावं लागलं. पण संग्रहावरची श्रद्धा ढळली नाही. हसू नका. घरातल्या कपाटातली सगळी पुस्तकं वाचून झालेला माणूस असेल त्याने खुशाल हसावं.

लॅबमध्ये त्याच सुमारास राज्य बदललं. जुने मालक घरी बसले आणि त्यांची मुलगी खुर्चीवर आली. मॅडम हुशार, भरभर चालणाऱ्या आणि भरभर बोलणाऱ्या. कॅप विभागाच्या इन-चार्जची जागा रिकामी होती. साठेबाजाचे केस काळे होते तेव्हापासून तो त्या विभागात होता. हाताला तोड नव्हती, पण मॅडम त्याला अजून "अहो, ते तुम्ही" अशीच हाक मारत. ती जागा आपल्याला मिळावी असं त्याला फार वाटे. पण मागायला गेलं की जीभ टाळ्याला चिकटे. दातांचं काम करणाऱ्या माणसाची ही अवस्था.

एका दुपारी तो एका दाढेला पॉलिश करत असताना मॅडम मोबाइल नाचवत आल्या.

"खेळांच्या दुकानातलं हे खातं तुमचंच ना? अहो, तुमच्याकडे तर सगळंच आहे!"

"असतं आपलं थोडंफार," तो लाजला.

"आणि हा नेमबाजीचा खेळ! पाच विरुद्ध पाचवाला! केवढे तास खेळलात हो! झोपता कधी?"

तास? साठेबाज चरकला. तो खेळ त्याने घेतल्यापासून उघडलासुद्धा नव्हता. खेळ किती दिवस पडून आहे तेच दुकानवाले मोजत असतील, अशी त्याने स्वतःची समजूत घातली. वरिष्ठ आयुष्यात पहिल्यांदा कौतुक करत असताना आकडे तपासायला बसू नये, एवढं व्यवहारज्ञान त्याला होतं.

"सवय आहे," तो म्हणाला. झालं, पाय खड्ड्यात गेला.

"बेस्ट! इस्पितळातल्या एक्स-रेवाल्यांशी मॅच ठरलीय. हा शनिवार सोडून पुढच्या शनिवारी, इथेच. मी त्यांना सांगून बसलेय की तुम्हाला धूळ चारू. कॅप्टन तुम्ही! आणि ते इन-चार्जचंही त्यानंतर बघून टाकू."

त्या दिवशी साठेबाज घरी चालत गेला नाही, तरंगत गेला. उंबऱ्यात मात्र जमिनीवर आला. मॅच खेळायची तर खेळावं लागणार होतं.

संध्याकाळी सातला त्याने बाहेरच्या खोलीतल्या कॉम्प्युटरवर खेळ सुरू केला. मध्येच कसलीशी लांबलचक सूचना आली. अशा सूचना वाचायच्या नसतात, 'हो' म्हणायचं असतं, हे आपण सगळे जाणतो. त्याने 'हो' म्हटलं. मग तो एका भिंतीकडे तोंड करून उभा राहिला, वळायला गेला तर आकाश दिसलं, परत वळला तर पाठीत गोळी बसली. त्याने घाईघाईने बादली जवळ ओढली.

त्याच क्षणी आतल्या खोलीतून ओरडा आला. "अरे देवा! आत्ताच मरायचं होतं याला?"

"काय झालं गं आत्या?"

"काही नाही रे. इंटरनेट गेलं!"

आत्या म्हणजे याच्या वडिलांची बहीण. लग्न केलं नाही, याला मात्र आईच्या मायेने वाढवलं. टेलिफोन एक्स्चेंजमधून ऑपरेटर म्हणून निवृत्त झालेली. आतल्या खोलीत याचा जुना कॉम्प्युटर होता. त्यावर ती हवामान बघते, अशी याची समजूत होती. दार लोटलेलं असे आणि आतून आवाज येत, "डावीकडून जा. दार धरून ठेव. तू गप्प बस, मी सांगते तेव्हा मार." जुन्या मैत्रिणींशी फोनवर सासवासुनांच्या गोष्टी चालल्या असतील, असं तो धरून चाले.

दुसऱ्या संध्याकाळी तेच. याचा सराव सुरू झाला की आतून किंकाळी. तिसऱ्या संध्याकाळी आत्या तावातावाने बाहेर आली. "तुझ्या त्या इंटरनेटवाल्याला बोलाव. रोज सातला मान टाकतंय." साठेबाजाने आज्ञाधारकपणे माणूस बोलावला. त्याने वायर बदलली, चहा प्यायला आणि सगळं ठणठणीत असल्याचा निर्वाळा दिला. आठवडा असाच गेला. साठेबाजाला आता भिंत सोडून चालता येऊ लागलं होतं.

आणि मग एका संध्याकाळी पडद्यावर लाल अक्षरं आली. वारंवार मॅच अर्ध्यावर सोडून सहकाऱ्यांना तोंडघशी पाडल्याबद्दल हे खातं आठ दिवस बंद. म्हणजे शनिवार गेला.

"मी कधी सोडली मॅच?" तो कळवळून ओरडला. "मला तर मारून बाहेर काढतात!"

आतलं दार उघडलं. आत्या उभी होती. गळ्यात हेडफोन आणि डोळ्यांत पाणी.

"माझं खातं बंद केलं रे," ती म्हणाली.

"तुझं? अगं, माझं बंद केलं!"

हळूहळू उजेड पडला.

"म्हणजे रोज सातला मला हुसकावून लावणारा तू होतास?"

"म्हणजे ते सगळे तास तुझे होते?"

स्वयंपाकघरातून बायको डोकावली. "दोघांनाही आत्ता कळतंय? मला वाटलं, घरातल्या घरात चुरस चाललीय."

"या जुन्या कॉम्प्युटरवर तुझंच खातं उघडं राहिलंय ना! एक खातं, एक खेळ. तू तिकडे उघडलास की मी इकडे बाहेर!" आत्या खुर्चीत बसली. "चौघं विसंबून असतात रे माझ्यावर. नावं माहीत नाहीत, तोंडं बघितली नाहीत, पण आवाजावरून ओळखते मी एकेकाला. घाबरला की कोण जोरात श्वास घेतो, ते सुद्धा. ऐन मोक्याला मी नाहीशी झाले तर काय वाटलं असेल त्यांना?"

साठेबाजाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ज्या बाईचा मोबाइल आपण रिचार्ज करून देतो, जिला रस्ता ओलांडताना हात देतो, ती रोज संध्याकाळी चार जणांना लढाईतून सुखरूप काढते, आणि हे शेजारच्या खोलीत बसून आपल्याला ठाऊक नाही!

"इतर काही खेळतेस का गं?" त्याने हळूच विचारलं.

"तुझं सगळंच. एवढा माल तू भरून ठेवलास, कुणीतरी वापरायला नको?"

त्या आठवड्यात नेमबाजी बंद असल्यामुळे आत्याने बाकीचं दाखवलं. तिने एक आख्खं शहर वसवलं होतं. त्यात रस्ते असे आखले होते की कुठेही गाडी खोळंबत नव्हती. गाईंच्या शेतीत कोबी काढणीला आला होता. नदीवर एक पूल होता, तो दिसायला काडीसारखा, पण आगगाडी पेलत होता. साठेबाज स्टूल ओढून तिच्यामागे बसला तो उठेना. लोकांनी हे खेळ घेतले ते उगाच नव्हे, हे त्याला पहिल्यांदा कळलं. त्याहून जास्त कळली ती आत्या. तिच्या बोटांकडे बघताना त्याला भरून आलं. पडदा फिरला की तो डोळे मिटून घेई आणि "वा, आत्या! वा!" म्हणत राही.

"डोळे मिटून वा कशाला म्हणतोस?" आत्या वैतागे.

शुक्रवारी मात्र त्याने मनाचा हिय्या केला. इन-चार्जच्या जागेवर पाणी सोडायचं ठरवून तो मॅडमच्या केबिनमध्ये गेला.

"मॅडम, मी आयुष्यात खेळलेलो नाही. ते तास माझ्या आत्याचे. आणि खातं बंद पडलंय, तेवढं मात्र माझं कर्तृत्व."

मॅडम ओरडतील असं त्याला वाटलं होतं. त्या उलट खुर्चीत खचल्या आणि बुडत्याला काडी दिसावी तशा त्याच्याकडे बघू लागल्या.

"आत्याबाई येतील का हो उद्या? माझ्या खात्यावरून खेळू दे त्यांना. प्लीज."

शनिवारी लॅबमध्ये टेबलं पुसून, प्लास्टरचे जबडे एका बाजूला सारून जागा केली. एक्स-रेवाले लॅपटॉप काखेत मारून आले. त्यांचे प्रमुख मिशीवाले, धिप्पाड. आल्या आल्या म्हणाले, "दया दाखवू नका हं आम्हाला!" मॅडम म्हणाल्या, "प्रश्नच नाही!" आत्या इस्त्रीची साडी नेसून, स्वतःचे हेडफोन घेऊन मॅडमच्या खुर्चीत बसली. मॅडमनी खातं उघडलं, खेळ उघडला.

पडद्यावर 'डाउनलोड करा' असं बटण आलं.

"नवीन कॉम्प्युटर आहे," मॅडम पुटपुटल्या.

साठेबाजाने शेजारी पाहिलं. कवळी विभागाच्या पडद्यावर तेच बटण. मेणाच्या साच्यांवाल्या ताईंच्या पडद्यावर तेच. मग त्याने मान उंचावून समोर बघितलं. एक्स-रेवाल्यांच्या पाचही लॅपटॉपवर निळ्या पट्ट्या मुंगीच्या पावलाने सरकत होत्या.

"नेटवर्कमुळे उडाला असेल," मिशीवाले म्हणाले.

आत्याने हेडफोन काढले आणि सगळ्यांवरून नजर फिरवली. "खरं सांगा. इथे हा खेळ खेळलंय कोण?"

पॉलिशच्या मशीनवरची धूळ सगळ्यांना एकाएकी बघावीशी वाटू लागली.

"सगळ्यांकडे होता," मेणवाल्या ताई शेवटी म्हणाल्या, "म्हणून मीही घेतला."

"मला वाटलं, तुम्ही खेळत असाल," मॅडम मिशीवाल्यांना म्हणाल्या.

"आणि आम्हाला वाटलं तुम्ही!" मिशीवाले घामाघूम झाले होते.

साठेबाजाची छाती आठवडाभरात पहिल्यांदा हलकी झाली. जगात आपण एकटे नाही, याहून मोठा दिलासा नाही.

निळ्या पट्ट्या सरकत होत्या, तेवढ्या वेळात आत्याने प्लास्टरचे जबडे ओढले. वरचे जबडे म्हणजे आपण, खालचे म्हणजे शत्रू. पॉलिशच्या डब्यांच्या भिंती झाल्या. कोणी कुठे उभं राहायचं, साथीदार पडला तर काय करायचं, गप्प कधी राहायचं, हे ती असं सांगत गेली की एक्स-रेवाले खुर्च्या उचलून अलीकडे आले. मिशीवाल्यांनी तर हात वर करून शंका विचारली. शेवटी खेळ सुरू झाला तेव्हा आत्या दोन्ही संघांच्या मधे उभी राहून दोघांनाही सूचना देत होती. मॅडमनी पहिल्याच झटक्यात मेणवाल्या ताईंना, म्हणजे आपल्याच माणसाला, उडवलं आणि आनंदाने टाळ्या पिटल्या. कोण जिंकलं ते कुणालाच कळलं नाही. निघताना मिशीवाले आत्याला वाकून नमस्कार करून गेले.

मंगळवारी खातं पुन्हा उघडलं. चौघं सहकारी आत्याची वाटच बघत होते. साठेबाजही स्टूल घेऊन हजर झाला. भक्ती अंगात भिनली होती. "आत्या, मागे बघ! मागे! नको, तिकडे नको! वा! हा कोण? हा आपला का?" त्याचा आवाज माइकमधून चौघांच्याही कानांत जाऊ लागला. आपलाच माणूस ओरडतोय म्हणून एक जण मागे वळला आणि मेला. तीन संध्याकाळी हे असं चाललं. आत्या काही बोलली नाही. मायेचं माणूस, बोलणार तरी कसं? शुक्रवारी सकाळी तिने फक्त गोड आवाजात विचारलं, "राजा, तुझ्या मॅडमचा नंबर दे रे."

त्याच दुपारी मॅडमनी त्याला केबिनमध्ये बोलावलं, आणि पहिल्यांदाच त्याच्या नावाने. "अभिनंदन! आजपासून कॅप विभागाचे इन-चार्ज तुम्ही."

साठेबाज चाचरला. "मॅडम, पण मी तर खेळत नाही…"

"खेळाचं काय त्यात? तुमच्या हाताचं काम मी इतके दिवस बघितलंच नव्हतं, आज सगळ्या कॅपा काढून बघितल्या. आधीच द्यायला हवी होती ही जागा. आत्याबाईंनी डोळे उघडले." मॅडम हसल्या. "आणि त्या आम्हाला शिकवायला तयार आहेत, दर रविवारी. मिशीवालेही येणार आहेत."

"आत्या माझ्याबद्दल बोलली?" त्याचे डोळे भरून आले. लहानपणी शाळेत त्याच्यासाठी भांडायला जाणारी ती आत्या, अजून तशीच होती.

"खूप बोलल्या. एकच अट घातली त्यांनी." मॅडमनी पेन खाली ठेवलं. "इन-चार्जला संध्याकाळी लॅब बंद होईपर्यंत थांबवायचं. नऊच्या आत घरी सोडायचं नाही. आणि वाटेत कुठे रमलात तरी चालेल, म्हणाल्या."