कोंबड्यांचा प्रयोग

बायको गेल्याचा फोन दवाखान्यातून आला, त्याच दिवशी आमच्या कोंबड्यांनी अंडी घालणं बंद केलं. हा योगायोग नव्हता, आणि मी ते सिद्ध करून दाखवणार होतो!

सिद्ध करणं भाग होतं. लेक म्हणाली होती, "बाबा, तुम्हाला एकट्याला झेपत नाही. कोंबड्या देऊन टाका. तशाही नुसत्या बसून खातात."

"त्यांना तुझ्या आईच्या हाकेची सवय आहे," मी म्हणालो. "हाक मारली की घालतील."

परसात दोन खुराडी आहेत, पुढचं आणि मागचं. मी बायकोचा हिरवा स्वेटर चढवला आणि तिच्या बारीक आवाजात पुढच्या खुराड्याला रोज हाक मारायला लागलो. "या गं बायांनो, या!" मागच्या खुराड्यापुढे नुसतं दाणे टाकून गप्प उभा राहायचो, जावयासमोर उभा राहतो तसा.

थोड्याच दिवसांत पुढच्या खुराड्यात अंडी! मी लेकीला बोलावून घेतलं. ती कॉलेजात संशोधन कसं करावं हे शिकवते. तिनं अंडी पाहिली, खुराडी पाहिली, मग माझा स्वेटर पाहिला.

"बाबा, पुढच्या कोंबड्या तरुण आहेत. ऊनही पुढेच येतं. फरक हाकेनं पडला कशावरून?"

"मग प्रयोग चुकला?"

"हा खरा प्रयोगच नाही. कोणती कोंबडी कुठे जाणार हे चिठ्ठ्या टाकून ठरवायला हवं. तुम्ही आधीचेच गट उचललेत. याला अर्धप्रयोग म्हणतात. प्रयोगासारखा, पण प्रयोग नव्हे."

"मी तुझ्या आईसारखा स्वयंपाक करतो, तसा?"

"अगदी तसा."

मला राग आला. "रविवारी ये! खरा प्रयोग करून दाखवतो!" मी ओरडलो.

कुंपणापलीकडून शेजारच्या शिंप्यानं मान वर काढली. "भाऊ, रविवारी प्रयोग? कुणाचा?"

"कोंबड्यांचा."

"अरे वा, बालनाट्य!" म्हणत तो घरात पळाला.

रविवारी तो बायको, मेव्हणे, गल्लीतली पोरं आणि घडीच्या खुर्च्या घेऊन हजर! "तिकीट किती, भाऊ?" त्यांना घालवून देणं बरं दिसेना. मी स्वेटर घातला. टाळ्या पडल्या.

लेकीनं चिठ्ठ्या काढल्या, मी कोंबड्या धरून इकडच्या तिकडे केल्या. कोंबड्यांना हे कुणी विचारलं नव्हतं. नवी सून स्वयंपाकघरात शिरावी तशा त्या एकमेकींवर तुटून पडल्या! पिसं उडाली, मागच्या खुराड्याचं दार निखळलं, पुढचं मी घाईत लावायला विसरलो. कोंबड्या थेट प्रेक्षकांत! एक शिंप्याच्या बायकोच्या पर्समध्ये बसली. एक मेव्हण्याच्या टकलावर चढली. तो हलेचना, त्याला वाटलं नाटकातच आहे.

"बाबा, रस्त्यावर जातील!" लेक किंचाळली.

मी घसा खाकरला. "या गं बायांनो, या!"

सगळ्या आल्या. हाकेच्या गटातल्या आल्या, बिनहाकेच्या गटातल्याही आल्या. आता कोण कुठली, ओळखू येईना. प्रयोगाची पार माती झाली!

"पहिला अंक बरा होता," शिंपी म्हणाला.

लेक पिसांत उभी होती. "बाबा, यातून काहीही सिद्ध होत नाही."

"नाही."

"एकदा अजून मारा ना हाक."

मी मारली. तिनं नाक पुसलं, पिसांमुळे असेल. जाताना तिनं खुराड्याच्या दाराला नव्या बिजागऱ्या आणायला सांगितल्या. देऊन टाकायचं काही बोलली नाही.

आता सगळ्याच कोंबड्या अंडी घालतात. हाकेनं की उन्हानं, ते माहीत नाही. ते कळायचं तर निम्म्या कोंबड्यांना तिची हाक बंद करावी लागेल. ते अजून माझ्याकडून झालेलं नाही.