दोन कॉट, चार खुर्च्या

"आकडा कागदावर उतरला ना, की तो माझ्यापासून लपूच शकत नाही," असं म्हणून आप्पांनी चष्मा बनियनला पुसला. बनियन चष्म्यापेक्षा मळका होता, पण आप्पांना सांगणार कोण?

आप्पांनी एकतीस वर्षं बसमध्ये कंडक्टरकी केली होती. एका हाताने वरची दांडी धरायची, दुसऱ्याने तिकीट फाडायचं, पेन्सिल दातात, आणि गाडी खड्ड्यात. अशात ज्याचा हिशोब चुकला नाही, त्याला साधी पगाराची चिठ्ठी वाचायला कितीसा वेळ लागणार? एकदाच डेपोत पैसे कमी भरले गेले होते. तो विषय घरात काढायचा नाही, असा नियम होता.

चिठ्ठी सोन्याची होती. सोन्या म्हणजे आप्पांचा मुलगा. सैन्यात होता, छाती भरदार, मिशी अशी की लहान पोरं दचकावीत, आणि घरात नाव सोन्या. दर महिन्याला तो घरी पैसे पाठवायचा. गेले दोन महिने त्यात बरोबर आठ हजार कमी येत होते. रविवारी फोनवर विचारलं तर म्हणाला, "कपात झाली असेल काहीतरी, बघतो," आणि लगेच विचारलं, "तिकडे ऊन कसं आहे?"

पोरगा उन्हावर गेला, तेव्हाच आप्पांना घोळ कळला. घोळ अर्थात सरकारचा.

सूनबाईला पैशांचं एवढं नव्हतं. तिचं दुखणं वेगळं. लग्नाला दीड वर्ष झालं होतं आणि त्यातले नवऱ्यासोबतचे दिवस होते एक्केचाळीस. तिने मोजले होते. सोन्या आधी बर्फातल्या चौकीवर होता, तिथे बायको नेता येत नाही. तीन महिन्यांपूर्वी तो खाली मोठ्या छावणीत आला. तिथे फॅमिली क्वार्टर मिळतं. "यादीत नाव घातलंय, नंबर लागला की त्याच दिवशी बोलावतो," असं त्याने तिला सांगितलं होतं, आणि आईला तूर्त बोलू नकोस म्हणाला होता. तेव्हापासून ती फोनवर "जेवलात का" नंतर दुसरा प्रश्न एकच विचारायची. नंबर? तो म्हणायचा, नाही अजून. सुटकेस तिने माळ्यावर टाकली नव्हती, पलंगाखालीच ठेवली होती. हाताला लागेल अशी.

नोकरीला लागताना सोन्याने पगाराच्या वेबसाइटचा पासवर्ड एका कागदावर लिहून आप्पांना दिला होता आणि मग दिल्याचं स्वतःच विसरला होता. आप्पांनी तो कागद रेशन कार्डात जपून ठेवला होता. सूनबाईने मोबाइलवर चिठ्ठ्या उघडल्या, कोपऱ्यावरच्या झेरॉक्सवाल्याकडून मोठ्या अक्षरात छापून आणल्या. आप्पांनी त्या टेबलावर मांडल्या, उडू नयेत म्हणून वर पाण्याचा तांब्या ठेवला. माई शेजारीच बसल्या होत्या, गुडघ्यावर गरम पाण्याची पिशवी घेऊन. सासूबाईंचे गुडघे हे त्या घरातलं सर्वात मोठं खातं होतं, सगळे निर्णय तिथूनच पास व्हायचे.

"हे बघ," आप्पांनी सूनबाईला शिकवायला घेतलं. "मूळ पगार म्हणजे ड्रायव्हर. गाडी भरलेली असो की रिकामी, तो जागचा हलत नाही. भत्ते म्हणजे प्रवासी. चढतात, उतरतात. महागाई भत्ता हा पासवाला, रोजचा. हा कपड्यांचा भत्ता, वर्षातून एकदा दिसतो, सुट्टीत आजोळी जाणाऱ्या पोरासारखा. आणि हा बर्फाचा..." आप्पांचं बोट थांबलं. "अरे, याला मधेच कुणी उतरवलं?"

"आप्पा, हे स्वतःच उतरले ना बर्फावरून. बर्फाचे पैसे बर्फात असेपर्यंतच. ते तर त्यांनी तेव्हाच सांगितलं होतं."

"म्हणजे माणसाला जरा ऊब लागली की पैसे काढून घ्यायचे," माई म्हणाल्या. "कोण बसतं रे तिथे हिशोबाला?"

आप्पांचं बोट खाली सरकलं. घरभाडं भत्ता. तीन महिन्यांपूर्वी सात हजार दोनशे. गेले दोन महिने भोपळा. आणि खाली, कपातीच्या रांगेत, भविष्य निधी आणि विम्याच्या मागे चार नवीन पाहुणे उभे होते. घर शुल्क साडेचारशे. फर्निचर भाडं दीडशे. पाणी नव्वद. वीज एकशे दहा.

"आठशे," सूनबाई म्हणाली.

"आणि सात हजार दोनशे. झाले आठ हजार." आप्पांनी टेबलावर हात आपटला, तांब्या हिंदकळला. "सापडला चोर. सोन्या राहतो बराकीत. त्याला कसलं घर नि कसलं फर्निचर? दुसऱ्या कुणाचं तिकीट माझ्या पोराच्या माथी मारलंय. असे दोनशे जण मी गाडीत पकडलेत."

सूनबाई कागदाकडे बघत राहिली. घर शुल्क हा शब्द तिने दोनदा वाचला. तिला काहीतरी बोलायचं होतं, पण आप्पांनी तोवर चिठ्ठीच्या तळाला छापलेला शंका निवारणाचा नंबर लावला होता. आणि फोन स्पीकरवर टाकला होता, कारण पराक्रम एकट्याने ऐकण्यात काय मजा?

पलीकडे कारकून होता. आवाज अगदी थंड, दुपारी जेवण झालेल्या माणसाचा. आधी म्हणाला, घरच्यांना माहिती देत नाही. आप्पांनी सैनिक क्रमांक, खाते क्रमांक, भरतीची तारीख, सगळं श्वास न घेता म्हणून दाखवलं. कारकून नमला.

"घरभाडं भत्ता बंद आहे, कारण त्यांना घर दिलंय," तो म्हणाला. "घरही द्यायचं आणि घराचं भाडंही द्यायचं, असं नसतं काका."

"पण घर घेतलंय कुणी? पोरगा बराकीत झोपतो."

"फॅमिली क्वार्टर आहे. दोन महिने झाले. सामानाची यादी वाचू? कॉट दोन, खुर्च्या चार, टेबल एक. ताब्यात घेतल्याची सही आहे. अर्जात लिहिलंय, पत्नी सोबत राहणार."

माईंच्या गुडघ्यावरची पिशवी घसरली, ती कुणी उचलली नाही.

"कुठली पत्नी?" सूनबाई फोनजवळ वाकून म्हणाली. "मी तर इथे उभी आहे."

कारकुनाच्या आवाजातली झोप उडाली. "म्हणजे कुटुंब तिकडे राहत नाही?"

"नाही! तेच तर मघापासून सांगतोय!" आप्पा विजयाने म्हणाले.

"बरं झालं सांगितलंत. क्वार्टरच्या यादीत चाळीस जण थांबलेत. कुटुंब आलं नसेल तर घर काढून दुसऱ्याला देतात. तुमची तक्रार नोंदवली. सात दिवसांत तपासणी होईल. आणखी काही सेवा?"

आप्पांनी फोन ठेवला, आणि तेव्हा कुठे त्यांच्या डोक्यात घंटी वाजली. नंबर लागला होता. दोन महिन्यांपूर्वीच. आणि लागलेला नंबर आत्ता त्यांनी स्वतःच्या हाताने रद्द करायला दिला होता.

सूनबाईच्या डोक्यात मात्र दुसरीच घंटी. "एका माणसाला दोन कॉट कशाला लागतात?"

"एकावर सामान ठेवत असेल," माई म्हणाल्या.

"आणि चार खुर्च्या?"

सूनबाईने पलंगाखालून सुटकेस ओढली. दीड वर्ष जी नवऱ्याकडे जायची वाट बघत होती, ती आता कुणाकडे निघाली होती, हे तिचं तिलाच माहीत नव्हतं. कपडे ती घडी न करता कोंबत होती. साडीत चप्पल, चपलेत पावडरचा डबा. आप्पा दारात उभे राहून "अगं ऐक, अगं वीज बघ" म्हणत होते.

"काय बघू विजेचं?"

"दोन्ही महिने एकशे दहा. वर नाही, खाली नाही. हा किमान आकार असतो. बटणच दाबलेलं नाही कुणी. घर रिकामं आहे, पोरी. एकतीस वर्षं मी रिकामी गाडी लांबून ओळखलीये."

ती थांबली. हातात एकच चप्पल. मग तिने फोन उचलला आणि सोन्याला लावला. स्पीकरवरच, कारण आता लाजायला काही उरलं नव्हतं.

"दोन कॉट, चार खुर्च्या," ती म्हणाली. "पुढचं तुम्ही बोला."

सोन्या इतक्या बारीक आवाजात बोलला की मिशीची शंका यावी. "तुला कसं कळलं?"

"तुमच्या पगाराने सांगितलं. कोण राहतं तिथे?"

"कोणी नाही गं. शपथ. दर शनिवारी जातो, झाडून येतो, कुलूप लावतो. नंबर लागला, घर घेतलं नाही तर नाव तळाला जातं, म्हणून घेतलं. पण आईला कसं सांगू? तिचे गुडघे. ती म्हणेल, म्हातारपणी आम्हाला टाकून सून नेली. दर रविवारी ठरवतो, आज सांगायचं. आईने फोन घेतला की माझी जीभच वळत नाही. नऊ रविवार झाले."

"बर्फात बसायला भीती नाही वाटली?"

"तिथे आई नव्हती."

सूनबाई पलंगावर बसली, कपड्यांच्या ढिगावरच.

"पडदे लावलेत," सोन्या म्हणाला. "हिरवे."

"मला हिरवा आवडत नाही."

"माहितीये. कॅन्टीनमध्ये तेवढेच होते."

तिने पदराने नाक पुसलं आणि म्हणाली, "आई इथेच बसल्यात. सगळं ऐकलंय त्यांनी."

पलीकडे काहीतरी धातूचं जमिनीवर पडल्याचा आवाज आला.

आप्पांनी माईंकडे बघितलं. गेल्या पस्तीस वर्षांत त्या चेहऱ्याचा अंदाज त्यांना एकदाही बरोबर आला नव्हता. माई हळूच उठल्या, एक हात टेबलावर टेकवून फोनजवळ आल्या.

"सोन्या."

"आई, मी सांगणारच होतो..."

"दोन महिने रिकाम्या घराचं भाडं भरलंस?"

"हो."

"ज्या खुर्चीवर कोणी बसलं नाही, तिचंही?"

"हो, आई."

"नव्वदचं पाणी. प्यायलं कोणी?"

"नाही."

"म्हणजे सोळा हजार गेले वाऱ्यावर," माई म्हणाल्या, आणि सूनबाईकडे वळल्या. "तू बघतेस काय? कपडे नीट घडी कर. उद्याच्या गाडीने निघायचंय. तपासणीवाले येतील तेव्हा एका खुर्चीवर तू, एकीवर तो. उरलेल्या दोन आम्ही येऊ तेव्हा. घर हातचं गेलं तर बघ."

आप्पांनी तक्रार मागे घ्यायला परत फोन लावला. कारकून म्हणाला, नोंदलेली तक्रार मागे जात नाही, फक्त कुटुंब हजर दिसलं पाहिजे. आप्पा स्वतः स्टेशनवर जाऊन तिकीट घेऊन आले. तपासनीसासारखं ते चारदा उलटंपालटं केलं, तारीख तीन वेळा वाचली.

पाचव्या दिवशी सूनबाईचा फोन आला. तपासणी झाली, शिक्का मिळाला. पडदे बदलणार आहे. आवाज असा की आप्पांना वाटलं, दुसऱ्याच कोणाला लागला फोन.

मग घर शांत झालं. आप्पा मोरीत भांडी घासत बसले होते, कारण आता ती घासणारं दुसरं कोणी नव्हतं आणि माईंना खाली बसता येत नव्हतं. घासता घासता त्यांनी हिशोब केला. आठ हजार सोडवायला गेलो, ते सुटले नाहीतच, आता तिकडे दोन माणसांचा संसार, म्हणजे इकडे आणखी कमी येणार. वर भांडी.

"काय गं," त्यांनी विचारलं, "सोन्याने आधीच विचारलं असतं, तर पाठवली असतीस?"

"नाही," माई म्हणाल्या. "आधी नाहीच म्हणाले असते. मग दोन दिवस रुसले असते. तिसऱ्या दिवशी पाठवली असती. दोन दिवसांच्या रुसव्याला घाबरून सोळा हजार घालवले गाढवाने."

आप्पांचा हात पातेल्यात थांबला. त्यांनी नीट विचार केला, घसा साफ केला.

"माझंही एक विचारायचं होतं तुला. चार वर्षांपासून."

"नाही," माई म्हणाल्या.

आप्पांनी मान हलवली, पातेलं उपडं घातलं आणि भिंतीवरच्या कॅलेंडरवर परवाचा वार कोणता येतो, ते बघितलं.