मोहनरावांचा फेटा आणि थोरल्या कैचीची मोहीम

श्री गजानन प्रसन्न. मौजे लिंबागणेश, जिल्हा बीड, येथे मंगल कार्यालयाची थोरली कैची आभाळास चढली त्याची ही हकीकत. पुढील पिढीने त्या छपराखाली बसून जेवावे, वर पाहावे, आणि हे आपोआपच आले ऐसे म्हणून ढेकर देऊ नये, याकरिता लिहून ठेविली असे. लेखक कोणाचा मिंधा नाही. जेवण दोन्ही पक्षांकडे जाहले, सबब इमान दोहोंकडे सारखेच आहे.

तर गावात सरदार दोन. एक राजश्री मोहनराव, उसाचे धनी, गावचे पुढारी, तुऱ्याच्या फेट्यावाचून अंगणातही न येणारे. दुसरे राजश्री कल्याणराव, सिमेंट व किराण्याचे दुकानदार, कपाळी भस्म, जिभेवर साखर, मनात तराजू. दोघांनी मिळून गावास मंगल कार्यालय बांधण्याचा मनसुबा केला आणि भिंती उठल्या आणि लोखंडी खांब उभे जाहले, मग छपराची वेळ आली. छपराचा मधला सांगाडा, ज्यास कारागीर कैची म्हणतात, तो चार बैलजोड्यांएवढ्या वजनाचा, जमिनीवर जोडून तयार पडला होता. तो उचलावयास क्रेन आणविली, परंतु ती एका दिवसाचीच पाहुणी. दुसरे दिवशी तिला माजलगावाकडे एका साखर कारखान्यावर रुजू होणे होते. म्हणजे आज कैची न चढेल तर गाळप संपेतो ती मातीत, आणि गावची लग्ने उन्हात.

या मोहिमेची मुखत्यारी धारूरच्या विजयमालाबाई यांजकडे होती. वजन कसे उचलावे, क्रेन कोठे उभी करावी, कोणी कोठे थांबावे, हा सारा बंदोबस्त बाईंचा. पूर्वी एका कामावर टांगल्या वजनाखालून निघालेल्या गड्याचा पाय गेला, तो बाईंनी डोळ्यांनी पाहिला होता. तेव्हापासून बाईंचा एकच पण, की सकाळी कामावर आली तितकी माणसे सांजेस धड घरी जावीत. लेखकास हा पण सर्व लढायांहून थोर वाटतो. ठेकेदाराने मात्र फोनवरून ताकीद दिली होती, की आज काम न उरकल्यास उद्या दुसरा मुखत्यार येईल.

बाईंनी प्रातःकाळीच मोर्चे बांधिले. काळ्या मातीचा भरवसा नाही म्हणून मुरूम टाकून जागा दाबविली, आणि क्रेनच्या चारी पायांखाली जाड फळ्या घालविल्या, आणि डोईवरून जाणाऱ्या विजेच्या तारेचा प्रवाह रीतसर बंद करविला, आणि सोंड जितकी लांब तितकी उचल कमी हे यंत्रातील तक्त्यावर बोट ठेवून चालक म्हाळू यांजकडून वदवून घेतले. मग कैची बांधणारे खलाशी सुग्रीव यांस कैची टांगण्याच्या पट्ट्याचा टाका न् टाका तपासण्याचा आणि कैचीवर सुटी वस्तू न ठेवण्याचा हुकूम जाहला. शेवटी फर्मान सुटले ते ऐसे, की म्हाळू यांनी फक्त बाईंचा हात पाहावा, दुसऱ्या कोणाचा नाही. मात्र 'थांबा' म्हणण्याचा अखत्यार सर्वांस, लहानथोर न पाहता.

फर्मान उत्तम होते, परंतु गाव ते गाव. नारळ फुटला, आणि हुकास हार पडला, आणि उसाची ट्रॉली मागे घेताना जैसे सारे रान ओरडते तैसे सारे गाव हात हालवू लागले. येऊ द्या, जाऊ द्या, इकडं घ्या, ऐसा कल्लोळ उठला. म्हाळू यांनी तो सोसला. खरा घात झाला तो दोरांनी.

कैची हवेत फिरू नये म्हणून तिच्या दोन टोकांस दोन दोर बांधितात आणि दोन जाणते गडी ते खालून हलके धरितात. परंतु जत्रेत बारा गाड्या ओढण्याचा पहिला मान मोहनरावांच्या घराण्याचा. दोर दिसला की तो आपला, हे त्यांस आईच्या दुधाबरोबर ठाऊक. त्यांनी गड्याच्या हातून दोर घेतला. हे पाहोन कल्याणराव, ज्यांचे सिमेंट भिंतीभिंतीत होते, त्यांनी दुसरे टोक धरिले. मग एकाच्या मागे एक आळी लागली आणि दुसऱ्याच्या मागे दुसरी, आणि कैची कमरेएवढी उचलली जाते न जाते तोच दोन्ही फौजांनी 'बोला गजानन' म्हणून जोर केला. कैची गरकन फिरली, क्रेन करकरली, आणि मोहनरावांच्या पक्षाचे लोक हसत हसत थेट तिच्याखाली शिरले.

विजयमालाबाईंचा हात वर गेला. म्हाळू यांनी यंत्र जागच्या जागी थोपविले, मग बाईंनी कैची हळू भुईस टेकविली.

मग लिंबाखाली मसलत बसली. मोहनराव गरजले, "म्याडम, कावून थांबीवलं? म्या लई क्रेना पाहिल्यात. खाली उभं ऱ्हायलं तर काय हुतंय?" कल्याणराव गोड आवाजात म्हणाले, की दोर सोडावयास आपली हरकत नाही, परंतु आधी मोहनरावांनी सोडावा. आणि मोहनरावांनीही हेच म्हटले. ऊन चढत चालले आणि दोन्ही सरदार आपापल्या दोरास चिकटून बसले.

बाई रागे भरल्या नाहीत. पदवी शहरात घेतली होती, पण अक्कल धारूरच्या बाजारातली होती. त्या म्हणाल्या, "मोहनकाका, कल्याणकाका, दोर कुनीबी धरंल. पर ही माणसं थोपवायला मानकरीच लागतो. माझं कोन ऐकतंय हितं?"

दोन्ही सरदार एकमेकांकडे पाहू लागले. मग बाईंनी तजवीज मांडली. कैचीच्या वाटेभोवती चुन्याची फक्की ओढून मोठे रिंगण करावे. आत फक्त दोर धरणारे दोन गडी, तेही लांब दोराने, वजनापासून दूर. पूर्वेची सरहद्द मोहनरावांची, पश्चिमेची कल्याणरावांची. ज्याच्या बाजूचा माणूस आधी रेघ ओलांडील, त्या सरदाराने कार्यालयातील पहिल्या लग्नात आपल्या हातांनी उष्ट्या पत्रावळी उचलाव्यात.

हे ऐकताच दोर आपोआप सुटले. आणि मग जो पहारा बसला त्यास तोड नाही. मोहनरावांनी आपल्या सख्ख्या मेव्हण्यास काठी दाखविली. कल्याणरावांनी रेघेवर पाय टाकणाऱ्या कोंबडीची वकिली केली, की पक्षी माणसांत धरू नये. जे गाव कोणाच्या बापाचे ऐकत नसे ते रेघेबाहेर रांगेने उभे राहिले.

मग पुन्हा उचल सुरू जाहली. प्रथम वीतभर उचलून थांबविली, पट्टे पाहिले, क्रेनचे पाय पाहिले, मग बाईंच्या हातासरशी कैची वर चालली. खांबांच्या माथ्यावर ती आली तोच बालाघाटाकडून वाऱ्याची एक झुळूक उठली. बाईंची मूठ मिटली आणि सारे थांबले. परंतु वाऱ्यास फर्मान कोण सांगणार? त्याने मोहनरावांचा फेटा उचलला आणि नेऊन रिंगणाच्या ऐन मध्यावर, कैचीच्या खाली ठेविला.

मोहनराव बोडके, उभ्या गावासमोर! टक्कल होते हे वर्तमान त्या दिवशी प्रथमच जाहीर जाहले. त्यांचा उजवा पाय रेघेकडे उचलला गेला. तिकडून कल्याणरावांची आळी पत्रावळी, पत्रावळी म्हणून कुजबुजू लागली. पाय तसाच अधांतरी राहिला.

तेव्हा बायकांच्या मेळ्यातून त्यांच्या पत्नी छबुबाई यांचा आवाज आला, "थांबा म्हन्ते ना! फेटा दुकानात मिळतोय. डोकं न्हाई मिळत!"

बाईंनी 'थांबा' म्हणण्याचा अखत्यार सर्वांस दिला होता. तो गाजविणाऱ्या पहिल्या छबुबाई होत. मोहनरावांनी पाय मागे घेतला. चेहरा लालभडक, परंतु उभे राहिले, बोडके, आपल्या सरहद्दीवर. पलीकडे कल्याणरावांनी क्षणभर पाहिले, आणि काय मनात आले कोण जाणे, मुकाट्याने आपली टोपी काढून बगलेत धरिली.

वारा पडला. कैची इंच इंच उतरली आणि खांबांवर ठक्क करून बसली. त्या हादऱ्यासरशी वरच्या सांध्यात अडकून राहिलेला एक लोखंडी पान्हा सुटला आणि सरळ खाली येऊन फेट्याच्या मधोमध आरपार रुतला.

सुग्रीव यांनी कपाळावर हात मारून घेतला, कारण पान्हा त्यांचाच होता. बाईंनी त्यांस शिव्या दिल्या नाहीत. म्हणाल्या, "म्याबी बघितलंतं, मलाबी दिसला न्हाई. आसं हुतंय म्हनूनच ती रेघ." बोल्ट आवळले गेले, हुक मोकळा जाहला, तेव्हाच बाईंनी रेघ उठविली. मोहनराव आत गेले, फेटा उचलला, भोकातून आभाळ पाहिले, आणि बाईंपाशी आले. मग इतकेच म्हणाले, "पोरी, जेवल्याबिगर जायचं न्हाई." आणि लगेच तोंड फिरवून डोळे पुसले.

येणेप्रमाणे थोरली कैची फत्ते जाहली. रेघ कोणीच ओलांडली नाही, सबब पहिल्या लग्नात दोन्ही सरदारांनी पत्रावळी संगनमताने उचलल्या, आणि उत्तम उचलल्या. तो फेटा कार्यालयाच्या दारावर काचेत ठेविला आहे, वऱ्हाडी मंडळी त्याचे कारण विचारितात. त्यांस सांगण्यासाठी दप्तरी नोंद करितो, की या मोहिमेत भोक फेट्यास पडले, मस्तकास पडले नाही. आणि सकाळी आली तितकी माणसे सांजेस धड घरी गेली.